फाटलेल्या गुडघ्याचं कौतुक

संपादक महोदय,

स. न. वि. वि.

गेल्या आठवड्यात क्रीडा पानाच्या तळाशी एक चौकट होती. अमेरिकेतल्या इंडियाना विद्यापीठाच्या अमेरिकन फुटबॉल संघाचा क्वार्टरबॅक (चेंडू फेकून चाल रचणारा खेळाडू) कर्टिस रोर्क गुडघ्यातलं लिगामेंट फाटलेलं असताना अख्खा हंगाम खेळला आणि २०२५ मध्ये एनएफएलच्या (तिथल्या व्यावसायिक लीगच्या) ड्राफ्टमध्ये, म्हणजे नव्या खेळाडूंच्या निवडीत, सातव्या फेरीत सॅन फ्रान्सिस्कोच्या संघानं त्याला घेतलं, एवढाच मजकूर. वर मथळा, ‘जिद्द असावी तर अशी!’ मी त्या मथळ्यावरच अडकलो. तो हंगाम मी बऱ्यापैकी जवळून पाहिला आहे आणि ३१ वर्षं शाळेत पीटीचे तास घेतले आहेत, म्हणून हा पत्रप्रपंच.

मुलगी ब्लूमिंग्टनला, म्हणजे इंडियाना राज्यातल्या याच विद्यापीठाच्या गावी असते. नातू झाला म्हणून सौ. आणि मी ऑगस्ट २०२४ मध्ये गेलो, ते जानेवारीअखेर परतलो. पहिल्याच आठवड्यात जावई म्हणाला, “बाबा, फुटबॉलच्या नादी लागू नका, इथली टीम हरण्यासाठीच प्रसिद्ध आहे.” खोटं नव्हतं ते. तिथल्या सगळ्यात वरच्या गटातल्या कॉलेज संघांत सर्वाधिक पराभव तेव्हा याच संघाच्या नावावर होते. २०२३ मध्ये १२ सामन्यांत ३ विजय. तोवर एका हंगामात नऊच्या वर विजय कधीच नव्हते आणि नऊसुद्धा दोनदाच, १९४५ आणि १९६७ साली. मुळात हे राज्य बास्केटबॉलवेडं.

अशा ठिकाणी कर्ट सिग्नेटी नावाचा साठी ओलांडलेला प्रशिक्षक आला. नव्या खेळाडूंना तुमची योजना कशी पटवून देता, असं विचारल्यावर हा बाबा म्हणाला, “मी जिंकतो. गूगल करून बघा.” आधीच्या जेम्स मॅडिसन विद्यापीठातले १३ खेळाडू त्यानं आपल्याबरोबर आणले. क्वार्टरबॅक रोर्क हा मूळचा कॅनडाचा, तोही दुसऱ्या कॉलेजातून आलेला. आपल्याकडे कबड्डीच्या स्पर्धेत बाहेरगावची चार पोरं घालून संघ उतरवला की लोक ओरडतात, “भाड्याचे आणलेत!” तिथं हे उजळ माथ्यानं चालतं. आता नियमच असा आहे की कॉलेज बदललं तरी लगेच खेळता येतं, आणि २०२१ पासून खेळाडूंना स्वतःच्या नावावर जाहिरातीचे पैसेही घेता येतात. नाकं मुरडणारे तिथंही भेटले. मला मात्र त्यात वावगं वाटलं नाही. एकमेकांच्या सवयी ठाऊक असलेले १३ जण मिळाले, तर कुठल्या प्रशिक्षकाला नको आहेत?

आणि संघ जिंकत सुटला. पहिले दहाच्या दहा सामने. १९ ऑक्टोबरला नेब्रास्काविरुद्धचा सामना मी मैदानात बसून पाहिला. सकाळपासून गाड्यांच्या तळावर शेगड्या पेटलेल्या, आजीपासून नातवापर्यंत सगळे किरमिजी रंगात. पारदर्शक पिशवीशिवाय आत सोडत नाहीत, म्हणून सौ.नं दिलेली थालीपिठं गाडीतच संपवली. इंडियाना ५६, नेब्रास्का ७. मध्यंतरानंतर रोर्क खेळायला आलाच नाही. अंगठ्याला मार बसला होता. अंगठ्याची शस्त्रक्रिया झाली, एक सामना त्याच्याविना जिंकला, आणि दोन आठवड्यांत गडी परत मैदानात. ९ नोव्हेंबरला मिशिगनला २०-१५ हरवून दहावा विजय मिळाला, तेव्हा आमच्या शेजारचे म्हातारे गृहस्थ अंगणात येऊन नुसतेच उभे राहिले होते. कुणाशी तरी बोलायचं होतं त्यांना, पण काय बोलावं ते सुचत नव्हतं.

पुढे ओहायो स्टेटनं ३८-१५ असं जमिनीवर आणलं. ३० नोव्हेंबरला त्याच राज्यातल्या पर्ड्यू विद्यापीठाशी गाठ. या दोघांत १९२५ पासून एका ओकच्या लाकडी पोहऱ्यासाठी झुंज असते. जिंकणाऱ्याच्या नावाचं अक्षर पोहऱ्याच्या साखळीत वाढत जातं. पहिलाच सामना बरोबरीत सुटला, म्हणून पहिल्या कडीत दोघांचीही अक्षरं आहेत. माझा भाचा पर्ड्यूला शिकतो. तो सुट्टीला आमच्याकडे आलेला. ६६-०! पोरगं तिसऱ्या टप्प्यात उठून भांडी घासायला गेलं. त्या एका सामन्यात रोर्कनं सहा टचडाउन पास (चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या शेवटच्या पट्ट्यात पोचवून गुण मिळवणारे) फेकले. शेवटी प्लेऑफच्या, म्हणजे विजेतेपदासाठीच्या बाद सामन्यांच्या, पहिल्या फेरीत, २० डिसेंबरला, नोटर डेमनं २७-१७ असं घरी पाठवलं. आकड्यात दिसतो त्याहून तो पराभव एकतर्फी होता. इंडियानाचे शेवटचे दोन टचडाउन सामना हातातून गेल्यावरचे. तरी ११ विजय, २ पराभव.

गुडघ्याची बातमी आली ती जानेवारीत. हंगामाआधीच लिगामेंट फाटलं होतं आणि शस्त्रक्रिया पुढे ढकलून तो खेळला होता. मला घामच फुटला. क्वार्टरबॅकचं काम म्हणजे चेंडू हातात आला की चार-पाच पावलं मागं जायचं, पुढचा पाय रोवायचा आणि फेकायचं. तोवर सव्वाशे-दीडशे किलोचे गडी अंगावर आलेले असतात. मी त्याला मैदानात आणि टीव्हीवर तीन महिने पाहत होतो. इतकी वर्षं पोरांचे पाय बघून डोळा तयार झाला आहे म्हणतो मी, पण काही कळलं नाही.

इथं माझं एक जुनं दुखणं सांगतो. आमच्या शाळेच्या कबड्डी संघात डाव्या कोपऱ्याला एक पोरगा होता. घोटा पकडला की चढाईवाला सुटायचा नाही. जिल्हा स्पर्धेच्या उपांत्य सामन्यात त्याचा गुडघा पिरगळला. सूज आली होती. मी क्रेप बँडेज गुंडाळलं, आयोडेक्स चोळलं आणि दुसऱ्या दिवशी अंतिम सामन्याला उतरवलं. जिंकलो. ढाल अजून शाळेच्या कपाटात आहे. मीही तेव्हा मैदानात सगळ्यांसमोर त्याची पाठ थोपटून ‘याला म्हणतात जिद्द’ असंच म्हणालो होतो. तो आता पन्नाशीला आला आहे. गेल्या वर्षी एका लग्नात भेटला. पंगत जमिनीवर बसली होती. वाकून पाया पडायला निघाला, अर्ध्यावर थांबला आणि हसत म्हणाला, “सर, तेवढी खुर्ची पुढं करा ना.” पंगतीत त्याला मांडी घालून बसता येत नाही.

रोर्कची गोष्ट वेगळी आहे, मान्य. तो तेव्हा २४ वर्षांचा, कॉलेजातलं शेवटचं वर्ष, जाणून घेतलेला निर्णय. हाताशी तज्ज्ञ डॉक्टर, फिजिओ, गुडघ्याला बांधायला आधार. त्यानं चूक केली असं म्हणायचा मला अधिकार नाही. २९ टचडाउन पास फेकलेल्या माणसाला मी कोण सांगणार? पण तुमचं क्रीडा पान कराड, वाई, फलटणच्या शाळांत सूचना फलकावर लागतं. ते वाचणाऱ्या पोराजवळ यातलं काहीच नसतं. त्याच्याजवळ माझ्यासारखा एक पीटीचा सर असतो आणि दुसऱ्या दिवशी अंतिम सामना असतो.

विनंती एवढीच, की पुढच्या वेळी अशी चौकट छापाल तेव्हा शस्त्रक्रिया कधी झाली आणि त्यानंतर किती महिने मैदानाबाहेर बसावं लागलं, त्याची एक ओळ त्याच चौकटीत घाला. मथळ्यासाठी तर दुसरं पुष्कळ होतं. ३-९ वरून ११-२ होतं.

आपला,
एक निवृत्त क्रीडाशिक्षक, सातारा