मॅकब्राइडचे नोबेल एकेनच्या गळ्यात

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कालच्या पुरवणीतला आयरिश नेता फ्रँक एकेनवरचा लेख वाचला. फोटो एकेनचाच होता, त्याबद्दल आभार. मजकुरात त्याला दिलेले नोबेल मात्र त्याचे नाही. १९७४ चे शांततेचे नोबेल जपानचे माजी पंतप्रधान साटो यांच्यासोबत मिळाले ते शॉन मॅकब्राइडला. दोघेही एकेकाळी आयआरएचे (आयरिश रिपब्लिकन आर्मी या सशस्त्र संघटनेचे) प्रमुख, दोघेही पुढे आयर्लंडचे परराष्ट्रमंत्री, त्यात १९५१ मध्ये मॅकब्राइड ज्या खुर्चीवरून उठला तिथेच एकेन बसला. गोंधळ होऊ शकतो, मान्य. पण छापण्याआधी कोणी वाचत नाही का?

मला हे झोंबायला जुने कारण आहे. १९८७ साली शिक्षकांच्या जिल्हास्तरीय प्रश्नमंजूषेत विचारले होते : अण्वस्त्र प्रसारबंदी करारावर मॉस्कोत पहिली सही कोणाची? मी घंटी दाबून 'एकेन' म्हणालो. परीक्षकांनी कार्ड चष्म्याजवळ नेले, 'मॅकब्राइड' असे वाचले आणि आमचे पाच गुण कापले. अहो, १ जुलै १९६८ ला मॅकब्राइड मंत्री सोडाच, खासदारही नव्हता! १९५८ पासून संयुक्त राष्ट्रांत या विषयाच्या हात धुऊन मागे लागला होता तो एकेन. १९६१ मध्ये आयर्लंडचा ठराव एकमताने मंजूर झाला, म्हणून तर सहीचा पहिला मान त्याला. आम्ही तीन गुणांनी हरलो. स्टीलचा डबा शेजारच्या शाळेत गेला आणि आमच्या बाई मला निवृत्तीपर्यंत 'एकेन सर' म्हणत राहिल्या.

आणि आयरिश यादवी युद्धात एकेन 'शस्त्रे टाकून शरण आला' हे कुठून काढलेत? २४ मे १९२३ चा त्याचा हुकूम शस्त्रे लपवून ठेवण्याचा होता, सरकारजमा करण्याचा नव्हे. ज्या सरकारी सैन्याशी लढला, त्याच सैन्याचा तो नऊ वर्षांनी संरक्षणमंत्री झाला. ही खरी गंमत तुमच्या लेखकाच्या हातून निसटली. जून १९२२ मध्ये त्याच्या हाताखालच्या माणसांनी उत्तर आयर्लंडमधल्या अल्टनावे इथे सहा प्रोटेस्टंट गावकरी मारले, त्याबद्दल तर एक ओळही नाही. जागा नव्हती म्हणावे, तर शेजारी साबणाची जाहिरात अर्धे पान पसरली होती.

खुलासा छापावा. तोही वाढदिवसांच्या शुभेच्छांखाली नको.

आपला,
एक निवृत्त शिक्षक, मिरज

ता. क. : शब्दकोड्याची उत्तरे उलटी छापता, त्याला हरकत नाही. पण गेले दोन रविवार ती भलत्याच कोड्याची आहेत.