बस एकदाच जळली

ती. आई-बाबांस,
साष्टांग नमस्कार.

काल रात्री आईचे चार फोन येऊन गेले. मी एडिटिंगला बसले होते, म्हणून उचलले नाहीत. रागावू नकोस, आई. टीव्हीवर दंगलीतली जी जळती बस बघून तू घाबरलीस, तीच तेव्हा माझ्याही समोर होती. अकरा सेकंदांची क्लिप. एक माणूस हातात चपला घेऊन पळतो, मागे बसची काच फुटते, एवढंच. दुपारी दोनला ती आली आणि रात्रीपर्यंत आम्ही ती फिरवत राहिलो. अँकर बोलतोय तेव्हा मागे, चर्चेत बाजूच्या चौकटीत, पाहुणा फोनवर असला तरी तीच. चार वाजता आग विझून रस्ता मोकळा झाला होता. आपल्या घरात मात्र ती बस तुम्ही झोपेपर्यंत जळत होती.

लूप लावायला वरून सांगितलं होतं. पण कोपऱ्यात 'दुपारची दृश्ये' लिहा, हे मी म्हणायला हवं होतं. म्हटलं, पण सात वाजता. ते पाच तास मला अजून खुपतात.

बाबा, तुम्ही म्हणता की पूर्वी बातमीत 'दोन गटांत हाणामारी' एवढंच यायचं, समाजाचं नाव नाही. खरंय. १९९२-९३ च्या मुंबईच्या दंगलीत आपल्या देशाची स्वतःची चोवीस तासांची वृत्तवाहिनी नव्हती. २००२ मध्ये गुजरातेत कॅमेरे थेट रस्त्यावर होते, नावंही घेतली गेली, आणि त्यावरून खूप वाद झाला. मला विचाराल तर, कुणाची घरं जाळली हे कायमचं झाकून ठेवणं अन्यायच आहे. पण पहिल्या तासात, पोलिसांनाही नक्की काही माहीत नसताना, नाव सांगायची घाई कशाला? धर्मांवर, समाजांवर हल्ला करणारी दृश्यं आणि शब्द नकोत, असं १९९४ च्या केबल टीव्हीच्या नियमांतच आहे. एकच दृश्य कितीदा फिरवायचं, हे मात्र आम्ही डेस्कवरचे लोक ठरवतो. म्हणून आता तारीख-वेळ टाकल्याशिवाय मी क्लिप पुढे देत नाही. त्यावरून बोलणी खाल्ली, खाईन.

आई म्हणाली, तीन दिवस तुम्ही पलीकडच्या चाचांकडे गेला नाहीत. बाबा, तो चपलावाला माणूस दुसऱ्यांदा पळताना दिसला की टीव्ही बंद करा आणि त्यांच्याकडे जाऊन बसा. माझी शिफ्ट अकराला सुटते. सुटले की लगेच फोन करते.

तुमची,
लेक