नुसत्या केळीचा जॅम नको, बापू

अमळनेर,
संक्रांतीनंतरचा रविवार

प्रिय बापू,

सप्रेम नमस्कार.

तुझं पत्र पोचलं. चार पानांतली तीन केळीवर, म्हणजे भाव पडलेला दिसतोय. बऱ्हाणपूरच्या केळीबाजारातला भाव ऐकला की तुझं डोकं फिरतं आणि डोकं फिरलं की तू कारखाना काढायला निघतोस. मागे वेफर्स होते, त्याआधी पावडर. आता म्हणे जॅम. "नाना, घड बांधावर फेकण्यापेक्षा जॅम करून बाटल्या भरू. तू घरी भाजत-शिजवत असतोस, तुला त्यातलं कळतं." कळतं थोडंफार. म्हणूनच सांगतो, नुसत्या केळीच्या जॅमच्या भानगडीत पडू नकोस.

का ते ऐक. जॅम जमायला तीन गोष्टी लागतात. फळातलं पेक्टिन, भरपूर साखर आणि आंबटपणा. तयार जॅममध्ये साखरेचं प्रमाण पासष्ट टक्क्यांच्या आसपास गेलं आणि आंबटपणा पुरेसा असला, म्हणजे पीएच, जो आंबटपणा वाढला की उतरतो, तीन-सव्वातीनपर्यंत आला, की पेक्टिनची जाळी धरते आणि पातळ रस थिजतो. आता तुझं केळं घे. त्याचा पीएच पाचच्या जवळपास. आंबटपणाच्या नावाने बोंब! साखर घालून कितीही घोटलंस तरी ते जॅमसारखं थरथरत नाही, शिऱ्यासारखं बसतं. शिवाय सोलल्यापासून काळं पडायला लागतं आणि शिजल्यावर तपकिरी होतं. ग्राहक बाटली उजेडात धरून बघतो, त्याला तो रंग कसा आवडायचा? लिंबू पिळून दोन्ही गोष्टी बऱ्याच सुधारतात, नाही असं नाही. पण मग चव लिंबाचीच पुढे येते आणि लोक विचारतात, केळं कुठंय यात?

वर जॅम म्हणून विकायचा तर एफएसएसएआयची, म्हणजे सरकारच्या अन्नसुरक्षा खात्याची नोंदणी, फळ किमान ४५ टक्के, विरघळलेले घटक किमान ६५ टक्के, हे सगळं आलंच. ते घटक मोजायला रिफ्रॅक्टोमीटर नावाचं यंत्र लागतं. तू तर तुपाचा डबासुद्धा अंदाजाने विकत घेतोस.

तेव्हा बाटली राहू दे. तू दिवाळीत येऊन डबाभर खाऊन गेलास त्या वड्यांकडे वळू. पोरं त्यांना जॅम क्रम्बल बार म्हणतात. आमच्याकडे डब्यावर 'जॅमच्या वड्या' अशी चिठ्ठी असते, तेवढं पुरतं. खाली दाबून बसवलेला खुसखुशीत थर, मधे जॅम, वर त्याच पिठाचा भुरभुरीत भुगा, आणि सगळं एकदम भट्टीत. पदार्थ विलायतेचा. तिकडे सफरचंदावर, रुबार्बवर असला भुगा पसरून भाजतात, त्यात ओट घालतात. आपल्याकडे ओट कुठून आणायचे? आपली दादर ज्वारी आहे की घरात.

पाहुण्यांना मी हे सांगत नाही, पण या वड्यांत खरी करामत दादरच्या पिठाचीच आहे. मैद्यात पाणी पडलं आणि हात फिरला की चिकटपणा येतो, थर चिवट होतो. ज्वारीत तो चिकटपणा नाहीच. भाकरी थापताना जी आपली पंचाईत होते, तीच इथे कामाला येते. तीन भाग पिठात एक भाग दादर घातली तर वडी दाताखाली मोडते आणि भाजल्यावर एक खमंग वास मागे राहतो, जो नुसत्या मैद्याला जन्मात येणार नाही. निम्मी दादर मात्र घालू नकोस, वडी हातातच फुटते. आणि पीठ ताजं दळून आण, मैद्याच्या चाळणीने चाळ. जुन्या पिठाचा कडवटपणा लगेच कळतो.

प्रमाण लिहून घे. मैदा २०० ग्रॅम, दादरचं पीठ १०० ग्रॅम, पिठीसाखर १०० ग्रॅम, साजूक तूप १६० ग्रॅम, चिमूटभर मीठ, वेलदोडा हवा तर. बेकरीवाले पीठ, लोणी, साखर तीनास दोनास एक धरतात, म्हणजे ३०० ग्रॅम पिठाला २०० ग्रॅम लोणी. आपण तूप वापरतो, आणि लोण्यात स्निग्धांश जेमतेम ८० टक्के, बाकी बहुतेक पाणी. म्हणून तूप १६० ग्रॅमच. तेवढं पाणी कमी पडतं, ते शेवटी चमचा-दोन चमचे गार दुधाने भरून काढायचं.

तूप थिजलेलं हवं, कणीदार. पातळ तूप पिठात ओतलंस तर भुगा होत नाही, चिखल होतो. म्हणून हा उद्योग दिवाळीपासून होळीपर्यंतचा. वैशाखात आपल्याकडे पारा चव्वेचाळिसाला टेकतो तेव्हा तूप वाटीत नुसतं डुचमळत असतं. तेव्हाही करायचंच असेल तर तूप, पीठ, परात सगळं फ्रीजमध्ये ठेवावं लागतं, आणि फ्रीज उघडून बसायला आपल्याकडे वीज कुठंय दिवसभर?

तूप पिठाला बोटांच्या टोकांनी चोळायचं. तळव्याने नाही, तळवा गरम असतो. हे करताना माय मागे उभी होती. पंच्याऐंशीच्या घरात आहे, दिसतं कमी, पण परातीत हात घातल्याशिवाय राहवत नाही तिला. तिने मूठभर पीठ उचललं, आवळलं, मूठ उघडली. पिठाचा मुटका तसाच राहिला, वर तिच्या चारही बोटांचे वळ. मग अंगठ्याने हलकेच दाबलं तर मधोमध फुटला. बराच वेळ त्या फुटलेल्या मुटक्याकडे बघत आपल्या अहिराणीत म्हणाली, "नानकटाईनं पीठ शे हाई. आखो चमचाभर तूप टाक." टाकलं. तिचं बरोबर होतं. करंजीचं असो, शंकरपाळ्याचं असो की या विलायती वडीचं, मोहनाची परीक्षा मुठीतच.

तुला आठवतं का रे, दिवाळीआधी पीठ, तूप, साखर घेऊन आपण बेकरीत जायचो ते? भट्टीतले पाव निघाले की उरलेल्या धगीवर नानकटाईचे पत्रे जायचे, आणि आपला पत्रा दुसऱ्याच्या घरी जाऊ नये म्हणून बायका तिथेच ठाण मांडायच्या. निम्म्या घरांचं तूप तेव्हा वनस्पतीच असायचं, आणि त्यात नवल काय! आपल्या अमळनेरातच १९४५ साली वनस्पतीचा कारखाना निघाला, त्याचीच पुढे विप्रो झाली. वनस्पतीने नानकटाई जास्त खुसखुशीत होते हे खरं आहे, ते उशिरा वितळतं. पण टाळूला चिकटतं. मी साजूकच घालतो.

आता जॅम. तुझी केळी वाया जाऊ देणार नाही, पण त्यांना सोबत लागेल. पेरू घे. पेरूत पेक्टिन भरपूर, आणि या दिवसांत बाजारात ढिगाने. अर्धे पिकलेले, अर्धे जरा कच्चे घ्यायचे, कच्च्यात पेक्टिन जास्त असतं. फोडी करून बुडतील एवढ्या पाण्यात मऊ शिजव आणि पुरणयंत्रातून काढ, म्हणजे बिया वर राहतात. हा गर ३०० ग्रॅम, कुस्करलेलं केळं २०० ग्रॅम, साखर साडेतीनशे ग्रॅम, दोन रसदार लिंबांचा रस. केळं कुस्करल्या कुस्करल्या त्यावर लिंबू पिळायचं, नंतर नाही. जाड बुडाच्या पातेल्यात मोठ्या आचेवर ढवळत राहा. चटके बसतात, लांब दांड्याचा डाव घे.

झाला कधी हे ओळखायला थर्मामीटर नको. बशी फ्रीजरमध्ये ठेव. तिच्यावर थेंब टाकून मिनिटभराने बोट लाव. वर सुरकुती पडली तर तो बाटलीचा जॅम झाला. वडीसाठी मात्र त्याच्या थोडं आधीच उतरव, सुरकुती पडू-पडू करत असताना. पुढे तो भट्टीत आणखी आटणार आहे. आधीच घट्ट झालेला जॅम कडेला जळून टॉफी होतो, आणि तुझी दाढ तर आधीच हललेली.

माझं मत विचारशील तर या सगळ्यांत सरस बोराचा जॅम. त्यातही मेहरूणची बोरं मिळाली तर विचारूच नकोस. मेहरूण आता जळगाव शहरातच आलं, पण तिथल्या बोराचा तो आंबटगोडपणा संकरित, सफरचंदाएवढ्या बोरांना नाही. ती नुसती गोड, पाणचट. वडीच्या पिठात साखर, वर तूप, मग मधे पुन्हा गोडच भरलं तर दुसरा तुकडा कोण उचलेल? मधला थर जीभ जरा आवळणारा हवा. वाण देताना सुगडात उरलेली बोरं होती, तुझ्या वहिनीने त्यांचाच जॅम घातला. बिया काढायचं काम किचकट आहे. पुरणयंत्रात बोराची बी अडकते, हातानेच चोळून गर काढावा लागतो. ते काम धाकटीकडे दे.

रचायचं असं. वीस सेंटिमीटरचं चौकोनी पत्र्याचं भांडं, आत कागद, कागदाची दोन टोकं बाहेर राहू दे म्हणजे नंतर वडी उचलता येते. पिठाचे दोन भाग खाली, वाटीच्या बुडाने घट्ट दाबून. काट्याने टोचे मार. १८० अंशांवर पंधरा मिनिटं नुसताच भाज, कडा बदामी व्हायला लागेपर्यंत. हे केलं नाहीस तर जॅमचं पाणी खाली उतरतं आणि थर पिठूळ राहतो. मग पाऊण वाटी ते वाटीभर जॅम, कडेपासून बोटभर आत. उरलेल्या पिठात मूठभर भरड शेंगदाणे मिसळून वरून सोड. चमच्याने दाबायचा मोह आवर, खाली-वर खडे दिसले पाहिजेत. पुन्हा पंचवीस-तीस मिनिटं. कडेने जॅम बुडबुडला आणि वर रंग आला की झालं.

आणि मग थांबायचं. आपल्याला जमत नाही ते हेच. गरम असताना सुरी लावलीस तर लापशी होते, कारण जॅम थंड झाल्यावरच धरतो आणि तूपही तेव्हाच परत थिजतं. रात्री करून झाकून ठेव, सकाळी काप. घट्ट झाकणाच्या डब्यात चार-पाच दिवस चांगल्या राहतात. पुढे जॅमच्या ओलीने खालचा थर मऊ पडतो, तरी आमच्याकडे तोवर उरत नाहीत हा भाग वेगळा.

ओव्हन लगेच घेऊ नकोस. आधी कुकरची शिट्टी आणि रिंग काढून, तळाशी मीठ पसरून, वर जाळी ठेवून करून बघ. खालून छान भाजतं, वर मात्र रंग येत नाही. तुला रंगाचं काय पडलंय म्हणा! की सरळ गावातल्या बेकरीत भांडं नेऊन दे, संध्याकाळच्या पावानंतर. पत्र्याचे चार पैसे घेतील, पण भट्टीच्या त्या उतरत्या धगीत भाजलेली वडी आमच्या विजेच्या ओव्हनला, त्या ओटीजीला, जमत नाही.

आणि विकायचं खूळ यानंतरही उतरलं नाही, तर निदान वडी विकायचा विचार कर. केळीला २०१६ साली जळगावच्या नावाने भौगोलिक मानांकन मिळालं, तसंच भरताच्या वांग्यालाही. वांग्याचं भरीत लोक वाट वाकडी करून खायला येतात, केळी मात्र आपण ट्रकात भरून देतो आणि मोकळे होतो. त्यावर तुझ्याशी समोरासमोर भांडायचंय, पत्रात नको.

वहिनींना नमस्कार. अण्णांचं गुडघ्याचं काय झालं ते कळव.

तुझा,
नाना

ता. क. पिकायला आलेली एक फणी कुणा माणसाच्या हाती पाठव. हिरवी नको, आणि घड तर मुळीच नको. मागच्या वेळी पाठवलेल्या घडाची शिकरण आठवून पोरं अजून मला दरवाजात अडवतात.