नाताळच्या न्याहारीलाही जागा द्या

महोदय,

नाताळच्या पुरवण्यांमध्ये केक आणि कलकल या तळलेल्या गोड फराळाला पानंच्या पानं मिळतात. पण रात्रीच्या मिस्साहून (चर्चमधल्या प्रार्थनेहून) आलेलं घर सकाळी काय खातं, हे कोणी लिहीत नाही. माहीमला आमच्याकडे हॅम (डुकराचं खारवलेलं मांस), बटाटा आणि चीजचा कॅसरोल, म्हणजे ओव्हनमध्ये भाजलेला एकाच भांड्यातला पदार्थ, होतो. आदल्या संध्याकाळी भांड्यात रचून फ्रिजमध्ये ठेवायचा, सकाळी ओव्हनमध्ये. करणारीलाही सगळ्यांबरोबर खायला बसता येतं, हे मला फार मोलाचं वाटतं.

छापील कृतींत मात्र ‘मीठ चवीनुसार’ असतंच. हॅम मुळात मिठात मुरवलेलं, चीजही खारट. वरून मीठ पडलं की घास गिळवत नाही. मिरपूड पुरे. कच्चा बटाटा रात्रभरात काळा पडतो, म्हणून अर्धवट उकडून, गार करूनच फोडी कराव्यात. 6 अंडी, 2 कप दूध एकत्र फेटून त्यावर ओतायचं आणि 180 अंश सेल्सियसवर पाऊण तास भाजायचं. मधोमध खुपसलेली सुरी स्वच्छ निघाली पाहिजे. मग 10 मिनिटं हात लावू नये, नाहीतर वड्या मोडतात.

येत्या डिसेंबरात ही कृती नीट मापांसह जरूर छापा. हॅम न खाणाऱ्यांसाठी परतलेले मशरूम सुचवा; तेव्हा मात्र मीठ लागेल.

– एक वाचक, माहीम, मुंबई