डेस्क मॅट घेताना टेबल मोजा, पावसाळा आठवा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गेमिंगसाठी कॉम्प्युटर घेणारी मुले ग्राफिक्स कार्डाची आठवडाभर चौकशी करतात, माउसचे वजन ग्रॅममध्ये विचारतात आणि डेस्क मॅट, म्हणजे कीबोर्ड-माउसखाली टेबलावर अंथरायची मॅट, मात्र चित्र बघून उचलतात. वास्तविक माउस दिवसभर फिरतो तो या मॅटवरच. ठाणे-नवी मुंबईच्या दमट हवेत चुकीची मॅट जूनमध्येच त्रास द्यायला लागते. सणासुदीच्या खरेदीत पालकांचे पैसे वाया जाऊ नयेत, एवढ्याचसाठी हे पत्र.

पहिला प्रश्न मापाचा. बाजारात ९० × ४० सेंटिमीटरची मॅट सर्रास मिळते. तीन फूट बाय दीड फुटाचे टेबल म्हणजे साधारण ९१ × ४६ सेंटिमीटर, म्हणजे ही मॅट त्यावर जेमतेम बसते. जुन्या कॉम्प्युटर टेबलाच्या सरकत्या कप्प्यावर ती बसतच नाही. कड बाहेर लोंबते, कप्पा ढकलताना दुमडते आणि तिथूनच उसवायला सुरुवात होते. म्हणून दुकानात जाण्याआधी टेप घेऊन टेबल मोजावे आणि मॉनिटरच्या पायाने किती जागा खाल्ली आहे तेही बघावे. मॉनिटरचा पाय अर्धा मॅटवर आणि अर्धा टेबलावर ठेवू नये, मॉनिटर डुगडुगतो.

त्याहून महत्त्वाचे म्हणजे माउसला मोकळी जागा किती उरते. याचा हिशेब सोपा आहे. व्हॅलोरंट या नेमबाजीच्या खेळात ८०० डीपीआय (माउसची स्वतःची संवेदनशीलता) आणि ०.४ सेन्सिटिव्हिटी (खेळातली वळण्याच्या वेगाची सेटिंग) ठेवली, तर खेळातल्या पात्राला पूर्ण गिरकी घ्यायला माउस सुमारे ४१ सेंटिमीटर सरकवावा लागतो. काउंटर स्ट्राइक २ या तशाच खेळात ८०० डीपीआय आणि सेन्सिटिव्हिटी १ असेल, तर सुमारे ५२. मागून कोणी आले म्हणून झटकन वळायचे, तर याच्या निम्मे अंतर एका दमात हवे, आणि तेही डावीकडे-उजवीकडे दोन्ही बाजूंना. आता ९० सेंटिमीटरच्या मॅटवर पूर्ण आकाराचा, म्हणजे सुमारे ४४ सेंटिमीटरचा कीबोर्ड ठेवला तर ४६ उरतात. माउसची स्वतःची रुंदी साडेसहा सेंटिमीटरच्या आसपास धरा, म्हणजे ४१ धरून साडेसत्तेचाळीस लागतात. व्हॅलोरंटच्या हिशेबालाही जागा थोडी कमीच पडते आणि ऐन वेळी माउस कीबोर्डवर आपटतो. नंबर पॅड नसलेला कीबोर्ड सुमारे ३६ सेंटिमीटरचा असतो. तो ठेवला की ५४ मोकळे मिळतात आणि व्हॅलोरंटचा प्रश्न तिथेच मिटतो. काउंटर स्ट्राइकच्या वरच्या हिशेबाला मात्र तेही किंचित अपुरे आहेत, तिथे आणखी छोटा कीबोर्ड किंवा तो थोडा तिरपा ठेवणे हाच मार्ग. ८० × ३० ची मॅट ऑफिसच्या कामाला ठीक आहे. नेमबाजीच्या खेळांना तिची पुढून मागेपर्यंतची ३० सेंटिमीटर जागा पुरत नाही.

टेबल लहान असेल तर मोठ्या मॅटचा हट्ट सोडून फक्त माउसपुरती ४५ × ४० च्या आसपासची मॅट घ्यावी. लॉजिटेकची जी६४० ही ४६ × ४० सेंटिमीटर आणि ३ मिलिमीटर जाडीची आहे. आर्टिसन या जपानी कंपनीचे एक्सएल माप ४९ × ४२ आणि जाडी ४ मिलिमीटर. छोट्या टेबलावर अशी मॅट मोठ्या स्वस्त मॅटपेक्षा केव्हाही बरी.

जाडीबद्दल थोडक्यात. २ मिलिमीटरच्या मॅटखाली टेबलाचा प्रत्येक खड्डा आणि सनमायकाचा सांधा जाणवतो. ३ ते ४ मिलिमीटर बहुतेकांना पुरते. त्यापेक्षा जाड आणि मऊ मॅटवर नेम धरताना हात दाबला जातो, माउस किंचित रुततो आणि नेमक्या त्याच क्षणी जड होतो. घट्ट नेम धरून खेळणाऱ्यांना काही वेळा हाच अडसर हवा असतो, पण तो माहीत असून घ्यावा.

आता कापड. दुकानात 'स्पीड' (माउस सहज सरकणारे, वेगवान) आणि 'कंट्रोल' (माउसला जरा अडवणारे, संथ) हे दोन शब्द ऐकायला मिळतात, पण खोक्यावरच्या शब्दावर जाऊ नये. स्वतःचा माउस सोबत न्यावा आणि मॅटवर अगदी सावकाश, दोन-तीन मिलिमीटरच हलवून बघावा. सुरुवातीला अडखळून मग एकदम सुटत असेल, तर बारीक नेम साधणार नाही. मग आडवा आणि उभा फिरवावा. काही विणींमध्ये दोन्ही दिशांचा अडसर सरळसरळ वेगळा लागतो.

हीच मॅट पावसाळ्यात वेगळी वागते. पॉलिएस्टरचा धागा स्वतः फारसे पाणी शोषत नाही. पण विणीच्या फटींत ओलावा, हाताचा घाम, तेलकटपणा आणि धूळ एकत्र बसते. खाडीलगत, ऐरोलीपासून कळव्यापर्यंत, जुलैत खिडकी उघडी ठेवून खेळणाऱ्याची मॅट संध्याकाळपर्यंत जड वाटते, त्याचे कारण हे. उघडा हात कापडाला चिकटतो तो वेगळाच. त्यामुळे मार्च-एप्रिलच्या कोरड्या दुपारी दुकानात 'बरोबर' वाटलेली संथ मॅट पावसात फारच संथ होते. आमचे स्पष्ट मत असे आहे की, एसी नसलेल्या खोलीसाठी आपल्या आवडीपेक्षा एक पायरी वेगवान कापड घ्यावे. खेळताना कोपरापर्यंतची पातळ बाही घातली की निम्मा त्रास कमी होतो.

काचेच्या मॅटवर ओलाव्याचा परिणाम जवळजवळ होत नाही. पण तिच्यावर माउसखालच्या टेफ्लॉनच्या चकत्या लवकर झिजतात आणि धुळीचा एक कण आला तरी खरखर होते. घोडबंदर रस्त्यालगतच्या घरांत ती रोज मायक्रोफायबर कापडाने पुसायची तयारी असेल तरच घ्यावी. काठाभोवती दिवे लावलेल्या मॅटबद्दल एवढेच सांगतो की ती धुता येत नाही.

कड शिवलेलीच हवी. पण शिवण कापडाच्या पातळीच्या वर आली असेल तर मनगटाला घासते. बोट फिरवून बघावे. खालचा थर खऱ्या रबराचा असेल तर मॅट जागची हलत नाही. स्वस्त फोम काही महिन्यांत चुरतो आणि टेबलावर काळी भुकटी पडते. रबराचा डाग पांढऱ्या सनमायकावर किंवा पॉलिशवर उमटू शकतो, म्हणून मॅट अधूनमधून उचलून खालची जागा कोरडी पुसावी. पावसाळ्यात तर हे हवेच, नाहीतर खाली बुरशी धरते.

धुताना कोमट पाणी, भांड्यांच्या साबणाचे चार थेंब आणि मऊ ब्रश पुरे. साबण पूर्ण निघेपर्यंत धुवावे. राहिलेला साबण चिकट होतो आणि मॅट आणखी संथ करतो. पिळू नये, मशीनमध्ये टाकू नये, उन्हात वाळवू नये. दोन टॉवेलांमध्ये दाबून पाणी काढावे आणि पंख्याखाली सपाट ठेवावे. पावसात वाळायला दोन दिवस धरून चालावे. वरून कोरडी वाटली तरी रबरालगत ओल राहते आणि मग कुबट वास येतो.

माउसखालचा भाग आधी झिजतो, कीबोर्डखालचा नवाच राहतो. अशी मॅट डावी बाजू उजवीकडे येईल अशी फिरवून पुढे बराच काळ वापरता येते. त्यासाठी वर-खाली नसलेले साधे डिझाइन घ्यावे.

शेवटी विक्रेत्यांना विनंती. वैधमापन (आवेष्टित वस्तू) नियम, २०११ नुसार वेष्टनावर आयातदाराचे किंवा उत्पादकाचे नाव-पत्ता, एमआरपी आणि जिथे माप महत्त्वाचे तिथे वस्तूची मापे छापलेली असायला हवीत. तरीही गुंडाळी करून नुसत्या प्लॅस्टिकमध्ये घातलेल्या, कशाचाही पत्ता नसलेल्या मॅट आपल्याकडे सर्रास विकल्या जातात. ग्राहकांनी त्या घेऊ नयेत, बिल मागावे. तक्रार असेल तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे. आणि दुकानदारांनी प्रत्येक प्रकारची एक मॅट उघडून काउंटरवर ठेवावी, जाडी आणि खालचा थर कशाचा आहे ते चिठ्ठीवर लिहावे, आणि गिऱ्हाइकाला स्वतःचा माउस त्यावर फिरवू द्यावा.

आपले,
कॉम्प्युटर जोडणी-दुरुस्तीचे काम करणारे काही वाचक,
कोपरखैरणे, नवी मुंबई