मीटर बदलण्याआधी अर्थिंग तरी बघा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

आपल्या वाहनांच्या पानावर डॅशबोर्डच्या मीटरबद्दल जे छापून आलं ते वाचलं आणि राहवलं नाही म्हणून लिहितोय. लेखात सांगितलंय की काटे चुकीचं दाखवायला लागले किंवा दिवे लागेनासे झाले की घरी उघडायच्या भानगडीत पडू नका, आख्खं युनिट बदलून टाका, वायरिंगला हात लावणं म्हणजे आगीशी खेळ. आगीचं म्हणणं खोटं नाही, त्यावर येतोच. पण युनिट बदला हा पहिलाच सल्ला कसा काय असू शकतो? मीटर बिचारा जे कळवलं जातं ते दाखवतो. टाकीतला फ्लोट (पेट्रोलवर तरंगून पातळी कळवतो तो) चुकीचं सांगत असेल, कपलरची, म्हणजे वायरी मीटरला जोडणाऱ्या प्लगची, पिन हिरवी पडली असेल किंवा अर्थिंगचा, म्हणजे बॉडीमधून बॅटरीकडे करंट परत जायच्या वाटेचा, बोल्ट गंजला असेल तर नवीन मीटरही तेच दाखवणार, फक्त जास्त चकचकीत दिसेल. आणि माझ्या बघण्यात तरी निम्म्याहून जास्त वेळा भानगड मीटरच्या बाहेरच निघते.

सगळ्यात आधी बघायचं ते हे की एकच गोष्ट बिघडलीय की बऱ्याच एकदम. एकटा पेट्रोलचा काटा मेला असेल तर त्याची वायर, त्याचा फ्लोट, त्याचा गेज एवढंच तपासायचं. पण इंडिकेटर दिला की टेम्परेचरचा काटा नाचतो, हेडलाईट लावले की पेट्रोल वाढल्यासारखं दिसतं, पॅनलचे दिवे मिणमिणतात आणि मधेच भलताच वॉर्निंग लाईट अंधुक पेटतो, असं सगळं एकदम चालू झालं की सरळ अर्थिंग धरा. करंटला परत जायला नीट वाट मिळाली नाही की तो दुसऱ्याच्या बल्बमधून, दुसऱ्याच्या गेजमधून वाट काढतो, म्हणून हा भुताटकी प्रकार.

आता अर्थिंग तपासायचं तर बरेच जण मल्टिमीटर ओहमवर, म्हणजे रेझिस्टन्स मोजायला, ठेवतात, शून्य दाखवलं की खूश होतात आणि तिथेच फसतात. ओहमवर मल्टिमीटर इतका किरकोळ करंट सोडतो की वायरच्या सगळ्या तारा तुटून एक शिल्लक असली तरी शून्यच दाखवतो. खरी तपासणी लोडवर करायची. चावी ऑन, हेडलाईट, ब्लोअर, मागचा डिफॉगर सगळं चालू, मल्टिमीटर डीसी 20 व्होल्टवर, काळी प्रोब थेट बॅटरीच्या निगेटिव्ह खांबावर (क्लॅम्पवर नाही हं, खांबावर) आणि लाल प्रोब मीटरच्या कपलरमधल्या अर्थच्या पिनला मागून टेकवायची. 0.1 व्होल्टच्या आत आलं तर अर्थिंग झकास, अर्धा व्होल्ट वगैरे आलं तर मीटरला हात लावायचं कारणच नाही, डॅशबोर्डखाली जिथे ती वायर बॉडीला बोल्टने बसवलीय तो बोल्ट काढा, रिंग आणि पत्रा दोन्ही चकचकीत होईपर्यंत घासा, परत घट्ट आवळा, वरून थोडं ग्रीस. पाना आणि पॉलिश पेपर, एवढ्याशा सामानात होणारं काम आहे हे आणि यासाठी लोक युनिट बदलून आलेले मी पाहिलेत.

जुन्या गाड्यांत अजून एक समाईक चोर असतो. पेट्रोल आणि टेम्परेचर हे दोन्ही काटे एकाच वेळी जास्त किंवा एकाच वेळी कमी दाखवत असतील तर दोन्ही गेज एकदम कसे जातील, त्यांना व्होल्टेज पुरवणारा मीटरच्या मागचा स्टॅबिलायझर गेलेला असतो. ही छोटी पत्र्याची डबी, आत बायमेटलची (दोन धातू चिकटवलेली) पट्टी तापून कॉन्टॅक्ट उघडझाप करते आणि सरासरी 10 व्होल्ट देते, काही गाड्यांत 5 व्होल्ट. त्या डबीची स्वतःची अर्थ तुटली तर उघडझाप थांबते आणि पूर्ण बॅटरीचं व्होल्टेज गेजला मिळतं, मग इंजिन थंड असूनही टेम्परेचर भलतंच वर. 10 व्होल्टवाल्या डबीच्या जागी 7810 नावाची तीन पायांची आयसी बसवून वर्षानुवर्षं गाड्या चालतात, फक्त तिचा पत्रा नीट अर्थला लागला पाहिजे.

फ्लोटची तपासणी तर आणखी सोपी, पण पुन्हा सांगतो, जुन्या साध्या गाड्यांसाठी. टाकीवरच्या सेंडरची (फ्लोटच्या हालचालीने ज्याचे ओहम बदलतात तो भाग) वायर काढली की काटा एका टोकाला जायला हवा, तीच वायर बॉडीला टेकवली की दुसऱ्या टोकाला. कुठलं टोक ते गाडीगणिक वेगळं, कारण काहींच्या सेंडरमध्ये टाकी भरली की ओहम वाढतात, काहींच्यात कमी होतात. काटा दोन्हीकडे गेला तर मीटर आणि वायर दोन्ही ठणठणीत आहेत, दोष टाकीत आहे. मात्र ही जोडाजोड चावी बंद ठेवूनच करायची, टाकीपाशी ठिणगी नकोय आपल्याला, जोडून झाल्यावरच चावी ऑन करून काटा बघायचा, आणि वायर थेट अर्थला लावून काही सेकंदांपेक्षा जास्त ठेवायची नाही, जुना थर्मल गेज (करंटने आतली पट्टी तापून काटा हलतो तो) जळतो त्याने. नवीन गाड्यांत मधे कंप्युटर असतो, तिथे हा प्रयोग नकोच, तिथे सेंडर सोडवून त्याचेच ओहम मोजा आणि फ्लोट हाताने वरखाली करून आकडा एकसारखा बदलतो की मधे उड्या मारतो ते बघा.

लेखात पॅनलचे बल्ब काढून एलईडी टाकायची हौस मात्र बिनधोक म्हणून सांगितलीय, आणि मला सगळ्यात जास्त खटकलं ते हेच. उजेडाच्या बल्बांना चालेल, उलटा बसला तर लागणार नाही एवढंच. पण बॅटरीचं चित्र असलेला लाल दिवा? बऱ्याच जुन्या गाड्यांत तो नुसता दिवा नाही. त्या बल्बमधून जाणारा करंटच अल्टरनेटरच्या (बॅटरी चार्ज करणाऱ्या जनित्राच्या) फील्डला, म्हणजे आतल्या चुंबकाच्या कॉइलला, पहिला धक्का देतो, तेव्हा कुठे चार्जिंग सुरू होतं. तिथे साधारण 2 वॅटचा बल्ब असतो, एलईडी त्याच्या जेमतेम दहाव्या हिश्शाइतका करंट जाऊ देते. मग गाडी चालू केली तरी चार्जिंग नाही, रेस दिल्यावर कधी सुरू होतं कधी नाही, आणि माणूस अल्टरनेटर खोलत बसतो. तो बल्ब उडाला तरी हेच होतं. एलईडी टाकायचीच असेल तर तिला समांतर 50 ते 70 ओहमचा 5 वॅटचा रेझिस्टर लागतो. बॅटरीवर मोजून खात्री करा, इंजिन चालू असताना 13.8 ते 14.4 च्या आसपास आलं पाहिजे, 12.4 वर अडून बसलं असेल तर चार्जिंग होत नाहीये.

हे सगळं तपासून झाल्यावर, आणि मगच, मीटर बाहेर काढायचा. जुन्या मीटरच्या पाठीवर तांब्याच्या पट्ट्या छापलेली प्लॅस्टिकची पातळ शीट असते आणि बल्बचे होल्डर पाव वळसा देऊन त्यात बसतात, वर्षानुवर्षं बल्बच्या उष्णतेने ती शीट तिथेच कडक होते, पट्टी उचकटते किंवा तुटते. तिच्यावर डायरेक्ट सोल्डर मारायला गेलात तर प्लॅस्टिक आधी वितळेल, त्यापेक्षा तुटलेल्या पट्टीच्या दोन टोकांच्या जाड पिनांमध्ये बारीक वायर टाकून बायपास केलेलं बरं.

नंतरच्या मीटरमध्ये हिरवं पीसीबी, म्हणजे छापील सर्किटचा कडक बोर्ड, असतं आणि तिथला नेहमीचा आजार म्हणजे कपलरच्या पिनांचे टाके, म्हणजे सोल्डरचे जोड. गाडी खड्ड्यात आपटली की मीटर बंद, वरून थाप मारली की चालू, सकाळी थंडीत चालत नाही आणि उन्हात तापल्यावर चालतो, असं असेल तर भिंग घ्या, टॉर्च तिरकी धरा आणि एकेका पिनच्या बुडाशी बघा. चांगला टाका पिनला बिलगून वर चढलेला दिसतो. गेलेल्या टाक्यात पिनभोवती केसाएवढी काळी गोल रेघ दिसते, म्हणजे पिन आणि सोल्डर एकमेकांपासून सुटलेत. नुसत्या डोळ्यांना ती दिसतच नाही, त्यामुळे बोर्ड तर चांगला दिसतोय म्हणून लोक मीटर फेकून देतात. थोडा फ्लक्स (सोल्डर नीट धरावं म्हणून लावायची पेस्ट) लावायचा, जुनं सोल्डर ओढून काढायचं, नवीन भरायचं, एका पिनवर दोनतीन सेकंदांपेक्षा जास्त सोल्डरिंग आयर्न टेकवायचं नाही नाहीतर खालचा तांब्याचा पॅड उचलून येतो. जुन्या शिशाच्या सोल्डरचं 63/37 मिश्रण 183 अंशाला वितळतं, बिनशिशाचं 217 च्या पुढे, त्यामुळे बोर्डवर कुठलं आहे हे बघून तापमान ठेवा. बस, मीटर पुन्हा जिवंत.

काटे मात्र उगाच उपसू नका. उपसावेच लागले तर आधी चावी ऑफ करून काटे कुठे थांबतात त्याचा फोटो घ्या, कागदी टेपवर खूण करा. परत बसवताना दोन अंश इकडेतिकडे झाले तर स्पीड खोटा दाखवणार. संयुक्त राष्ट्रांच्या 39 क्रमांकाच्या वाहन नियमात हे स्पष्टच आहे, स्पीडोमीटरने खऱ्या वेगापेक्षा कमी कधीच दाखवता कामा नये, जास्त दाखवला तर खऱ्या वेगाच्या 10 टक्के अधिक 4 किमी इथपर्यंतच. म्हणजे खरा वेग 100 असेल तर काटा 100 ते 114 मध्ये हवा. काटे बसवून झाल्यावर मोबाईलच्या जीपीएसशी ताडून बघा, शेजारी बसलेल्याला बघायला सांगा, गाडी चालवता चालवता स्वतः नाही.

आता आग. आग लागते ती मीटर उघडल्यामुळे नाही, वायर पिळून वर काळी टेप गुंडाळल्यामुळे लागते. डॅशबोर्डच्या आत उन्हाळ्यात जी भट्टी पेटते त्यात टेपचा गोंद पाघळतो, टेप सुटते, उघडी तार पत्र्याला लागते. त्यातून फ्यूज उडाला की महाभाग 10 अँपिअरच्या लाल फ्यूजच्या जागी 30 चा हिरवा घालतात किंवा सरळ तार गुंडाळतात. अहो, फ्यूज मीटरला वाचवायला नसतो, वायरला वाचवायला असतो, फ्यूज उडाला नाही तर मग वायर हाच फ्यूज. जोड द्यायचा तर योग्य मापाची स्लीव्ह घेऊन चांगल्या क्रिम्पिंग पक्कडने दाबा आणि वर हीट श्रिंक (गरम केली की आवळून बसणारी नळी) चढवा. वायरच्या जोडात सोल्डर मला फारसं आवडत नाही, ते आत झिरपून तारा कडक करतं आणि गाडीच्या थरथराटाने वायर बरोबर त्या कडक भागाच्या कडेला तुटते. बोर्डवर सोल्डर, वायरला क्रिम्प. यावर वाद घालणारे भेटतील, घालू द्या.

काही ठिकाणी मात्र लेखक महाशयांशी मी शंभर टक्के सहमत आहे. पिवळे कपलर एअरबॅगचे, त्यांना मल्टिमीटर लावायचा नाही, ओहम मोजायला जो करंट जातो त्यानेही एअरबॅग फुटू शकते. स्टिअरिंगच्या आसपास काम असेल तर बॅटरीचा निगेटिव्ह काढून मॅन्युअलमध्ये सांगितलाय तेवढा वेळ थांबायचं. एकमेकींत पिळलेल्या दोन वायर दिसल्या की त्या बहुधा कॅन बसच्या (गाडीतले कंप्युटर जिच्यावरून एकमेकांशी बोलतात ती लाईन), 1986 साली बॉशने जाहीर केलेली ही पद्धत आता जवळपास सगळ्या गाड्यांत आहे, तिथे टेस्ट लॅम्प खुपसलात तर भलताच खर्च. बॅटरी काढून त्या दोन वायरींमध्ये 60 ओहमच्या आसपास येतात का एवढं जरूर मोजा, 120 आले तर एका टोकाचा रेझिस्टर किंवा वायर गेलीय. आणि ओडोमीटर, म्हणजे गाडी एकूण किती किलोमीटर चालली ते मोजणारा. मीटरच्या मेमरी आयसीत किलोमीटर असतात, ते मागे फिरवणं म्हणजे सरळ फसवणूक. अमेरिकेच्या कायद्यात तर मीटर बदलल्यावर जुना आकडा आणता येत नसेल तर नवीन शून्यावर ठेवून ड्रायव्हरच्या दाराच्या चौकटीवर जुने आकडे आणि तारीख लिहिलेली चिठ्ठी चिकटवावी लागते. म्हणजे युनिट बदला म्हणणाऱ्यांनी हाही त्रास सांगायला हवा होता, शिवाय कित्येक गाड्यांत इमोबिलायझर (खरी चावी ओळखल्याशिवाय गाडी चालू होऊ न देणारा) मीटरमध्येच असतो, दुसरा मीटर टाकला की गाडी चालूच होत नाही.

माझी खरी तक्रार गाडी कंपन्यांवर आहे. घरी काम करणाऱ्याला कमी पडतं ते धाडस नाही, वायरिंगची आकृती. मीटरच्या मागच्या वीस-तीस पिनांपैकी अर्थ कुठली, चावीचा करंट कुठला हे माहीत नसेल तर माणूस चाचपडणारच, आणि चाचपडताना शॉर्ट करणार. जर्मन पद्धतीच्या आकृत्यांत निदान आकडे ठरलेले असतात, 30 म्हणजे थेट बॅटरीतून, 15 म्हणजे चावीनंतर, 31 म्हणजे अर्थ, 58 म्हणजे टेल लाईट आणि मीटरचा उजेड, एकदा पाठ झालं की अनोळखी गाडीतही वाट सापडते. पण आकृती हातात तर यायला हवी. अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स राज्याच्या मतदारांनी 2012 मध्ये कौल देऊन दुरुस्तीची माहिती अधिकृत वर्कशॉपबाहेरच्यांनाही द्यायला लावली. पिनांची यादी मालकाच्या पुस्तिकेतच छापायला कंपन्यांचं काय जातं? चार पानं ब्लूटूथ जोडायला खर्च करतात, एक पान यालाही द्या.

तेव्हा संपादक महाशय, पुढच्या वेळी मीटरबद्दल काही छापाल तर युनिट बदला या वाक्याच्या आधी लोडवर अर्थिंग कसं मोजायचं तेवढं तरी छापा, आणि चार्जिंगच्या दिव्याजागी एलईडी टाकण्याबद्दल दुरुस्तीची एक चौकट टाका, कारण तो लेख वाचून आत्तापर्यंत कोणीतरी बसवलाही असेल.

आपला,
एक वाचक