काकांच्या संगणकाचा आवाज

फोंडा, गोवा
नागपंचमी

प्रिय मित्रा,
सप्रेम नमस्कार.

वाळपईहून पाठवलेले तुझे पत्र परवा मिळाले. काकांच्या संगणकात विंडोज एक्सपी नव्याने घातल्यापासून पडद्यावरची अक्षरे ढोबळ दिसतात आणि आवाज मुळीच येत नाही, त्यामुळे काकांनी ध्वनिमुद्रित केलेली भजने काकींना त्यांच्या खोलीत ऐकवता येत नाहीत, हे वाचून मन अस्वस्थ झाले. सर्वांत आधी डी ड्राइव्हवरची ती भजने दुसऱ्या डिस्कवर उतरवून घे. या दमट हवेत, वीज सारखी जात-येत असताना, जुन्या डिस्कवर एका दिवसाचाही भरवसा ठेवू नये.

डिव्हाइस मॅनेजरमधल्या (संगणकाच्या भागांची यादी दाखवणाऱ्या खिडकीतल्या) पिवळ्या प्रश्नचिन्हावरून तू उतरवून पाठवलेला क्रमांक फार उपयोगाचा ठरला. त्यातला पहिला भाग ८०८६ हा इंटेल कंपनीचा (१९७८ साली निघालेल्या त्यांच्या प्रोसेसरचाही हाच क्रमांक), आणि दुसरा २७डी८ हा आयसीएच७ चिपसेटमधल्या (संगणकाचे भाग एकमेकांशी जोडणाऱ्या चिपांच्या संचातल्या) हाय डेफिनिशन ऑडिओ नियंत्रकाचा. म्हणजे तो आवाजाच्या चिपचा क्रमांक नव्हे, तिच्यापर्यंत नेणाऱ्या वाटेचा आहे. ती वाट एक्सपीला ओळखता यावी म्हणून मायक्रोसॉफ्टचा युएए बस ड्रायव्हर (ड्रायव्हर म्हणजे विंडोजला एखादा भाग चालवता यावा म्हणून घालायचा प्रोग्राम, आणि बस म्हणजे हीच वाट) आधी बसवावा लागतो. तो बसल्यावरच खरी चिप दिसू लागते आणि तिचा स्वतःचा क्रमांक वाचता येतो. तेथे १०ईसी आणि ०८८८ असे आढळले, तर ती रिअलटेकची एएलसी८८८ आहे असे समज आणि नेमका तिचाच ३२ बिटचा एक्सपी ड्रायव्हर घे. चिपसेटचा ड्रायव्हर मात्र या सगळ्याच्या आधी. पडद्यासाठीही क्रमांक पाहूनच पुढे जा. २७७२ असेल तर तो ९४५जी चिपसेटमधला इंटेलचा ग्राफिक्स भाग होय.

सगळे ड्रायव्हर एका दमात शोधून देतो म्हणणारे फुकट प्रोग्राम कृपा करून वापरू नकोस. वडिलांच्या संगणकावर मी तसला एक चालवला होता. त्याने चालू असलेला ड्रायव्हर काढून चुकीचा घातला, आणि मूळ फाइलींची प्रत मी ठेवलेली नसल्यामुळे त्यांचा स्कॅनर पुन्हा कधीच चालू करता आला नाही. ते मला अजून लागून राहिले आहे.

नेटवर्कचा ड्रायव्हर तूर्त राहू दे. एक्सपीची सुरक्षा दुरुस्ती ८ एप्रिल २०१४ रोजी थांबली, तेव्हा भजने ऐकण्यापुरत्या त्या यंत्राला इंटरनेटला जोडण्याची गरजही नाही.

बस ड्रायव्हर पेन ड्राइव्हवर घेऊन मी रविवारी सकाळच्या कदंबच्या एसटीसारख्या गाडीने येतो. तोवर चिपसेटचा तेवढा बसवून ठेव आणि काकींना माझा नमस्कार सांग.

तुझा,
बालमित्र